मानवाकृती घडवण्यासाठी शरीररचना कशी शिकावी

शिल्पासाठी शरीररचना शिकायला बसलेला विद्यार्थी बहुधा स्नायूंच्या रंगीत तक्त्यापासून सुरुवात करतो आणि तिथेच अडकतो. तक्त्यावरचे शरीर सपाट, समोरून पाहिलेले आणि ताठ उभे असते. मातीत मात्र त्याच शरीराला जाडी द्यावी लागते, ते चहूबाजूंनी पटावे लागते आणि वाकल्या-वळल्यावरही खरे वाटावे लागते. स्नायूंची नावे तोंडपाठ असूनही ज्याच्या मूर्तीचा हात धडाला नंतर चिकटवल्यासारखा दिसतो, त्याच्या पाठांतरात काही कमी नसते, त्याचा अभ्यासाचा क्रम उलटा झालेला असतो. माझ्या मते योग्य क्रम असा: आधी शरीरातले मोठे न वाकणारे ठोकळे, मग त्वचेखाली बोटाला लागणारी हाडे, मग सांध्यांची हालचाल, त्यानंतर स्नायू आणि सर्वांत शेवटी चरबी व त्वचा. पुढच्या पायऱ्या याच क्रमाने मांडल्या आहेत.

काय शिकायचे आणि काय सोडून द्यायचे

प्रौढ माणसाच्या शरीरात २०६ हाडे आणि सहाशेहून अधिक स्नायू असतात. शल्यविशारदाला ते सगळे लागतात. शिल्पकाराचा संबंध मात्र पृष्ठभागाला आकार देणाऱ्या गोष्टींशीच येतो, आणि त्या काही डझनांच्या पलीकडे जात नाहीत. मनगटातली आठ लहान हाडे आपल्यासाठी एकच कमानदार ठोकळा असतात, आणि कण्याच्या दोन्ही बाजूंचे खोलवरचे अनेक स्नायू म्हणजे कमरेवर ठळक दिसणारे दोन लांबट उंचवटे. अवयव, नसा आणि रक्तवाहिन्या यांच्यात वेळ घालवू नये. नावे पाठ करण्याचीही घाई नको. प्रत्येक स्नायूविषयी तीनच प्रश्न विचारावेत: तो कोणत्या हाडावरून निघतो, कोणत्या हाडावर जाऊन जोडला जातो, आणि आखडला की कोणता सांधा हलवतो. ही उत्तरे ठाऊक असली, तर नाव विसरले तरी मातीत अडत नाही.

तयारी

अभ्यासासाठी न वाळणारी तेलमाती घ्यावी. या कामात मोडून पुन्हा करणे सतत चालते. पाण्याची माती ओली राखत बसावी लागते आणि बारीक हातपाय धडाच्या आधी वाळून तडकतात. सोबत ॲल्युमिनियमची जाड तार, फिरता पाट, मापे घ्यायचा दोन टोकांचा कॅलिपर, दोन-तीन लाकडी कोरण्या, तारेच्या वळीची एक कोरणी आणि मूठभर टाचण्या पुरेत. बाकीचे साहित्य गरज पडेल तसे जमवता येते.

मूर्तीची उंची ४५ सेंटिमीटर धरावी. ही उंची हाताळायला सोपी आहे आणि तिचा हिशेबही सरळ आहे. प्रौढ शरीर सरासरी साडेसात डोकी उंच धरले, तर डोके बरोबर ६ सेंटिमीटरचे येते. याहून बरीच लहान मूर्ती केली, तर घोटा आणि मनगट बोटांखाली चेपले जातात; फार मोठी केली, तर अभ्यासाऐवजी माती भरण्यातच दिवस जातो.

संदर्भासाठी एकाच व्यक्तीची एकाच मुद्रेतली समोरून, मागून, दोन्ही बाजूंनी आणि तिरकस अशी छायाचित्रे जमवावीत. ती दुरून आणि कंबरेच्या उंचीवरून घेतलेली असावीत, कारण जवळून घेतलेल्या छायाचित्रात कॅमेऱ्याजवळचा अवयव फुगतो आणि मापे फसवतात. हाडांसाठी प्लॅस्टिकचा सांगाडा उपयोगी पडतो. मात्र स्वस्त सांगाड्यांत कण्याचे बाक सपाट झालेले आणि खांद्याची पाती कशीही जोडलेली आढळतात, म्हणून तो हाडाच्या आकारासाठी वापरावा, ठेवणीसाठी नाही. सर्वांत भरवशाचा संदर्भ म्हणजे आपले स्वतःचे शरीर, कारण ते आतून जाणवते आणि बाहेरून चाचपताही येते.

पहिली पायरी: तीन ठोकळे

कवटी, बरगड्यांचा पिंजरा आणि कटी, म्हणजे ओटीपोटाभोवतीचे हाडांचे कडे, हे शरीराचे तीन मोठे कठीण भाग आहेत. माणूस कसाही वाकला, तरी या तिघांचा आकार बदलत नाही. बदलते ते त्यांचे एकमेकांशी असलेले नाते. त्यांना जोडणारा कणाच तेवढा वाकतो, आणि तोही सगळीकडे सारखा वाकत नाही. मानेत सात, छातीमागे बारा आणि कमरेत पाच मणके असतात. पुढे-मागे वाकणे कमरेत भरपूर होते, परंतु कमरेचे मणके स्वतःभोवती फारच थोडे वळतात. धडाचा पीळ मुख्यतः छातीमागच्या मणक्यांत पडतो. मान वळते तेव्हा जवळजवळ अर्धी फिरकी पहिल्या दोन मणक्यांमध्येच होते. ‘कंबर वळलेली’ दाखवायची म्हणून पोटाची माती पिळणाऱ्याने हे ध्यानात ठेवले, तर पुष्कळ आकृत्या सुधारतील.

पाठीमागे एक उभी पट्टी रोवून तिच्यावर मापे आखावीत. जमिनीपासून २२.५ सेंटिमीटरवर, म्हणजे निम्म्या उंचीच्या आसपास, ओटीपोटाच्या तळाशी हाताला लागणारे जघनाचे हाड येते. गुडघ्याच्या वाटीचा मध्य जमिनीपासून साधारण दोन डोकी, म्हणजे १२ सेंटिमीटरवर असतो. हनुवटीपासून एक डोके खाली स्तनाग्रांची रेषा येते. दंडासह खांद्यांची रुंदी पुरुषात दोन डोक्यांच्या आसपास भरते. हात खाली सोडल्यावर मनगट खुब्याच्या पातळीला आणि बोटांची टोके मांडीच्या मध्यावर पोहोचतात. ही सरासरीची मापे आहेत. माणसागणिक ती थोडी सरकतात, आणि लहान मुलांना तर मुळीच लागू होत नाहीत, कारण नवजात बाळ चारच डोकी उंच असते.

समोरची मापे बरोबर आली की नवशिक्या निर्धास्त होतो. खरी परीक्षा बाजूने होते. बाजूने पाहिल्यास तिन्ही ठोकळे एकाच उभ्या ओळीत नसतात. पिंजऱ्याचा माथा मागे झुकलेला असतो, त्यामुळे छातीचे मधले हाड खाली उतरताना पुढे येते. कटीचा माथा पुढे कललेला असतो. मान पाठीतून निघून पुढे जाते, आणि गळ्याखालचा खळगा हा मानेच्या मागच्या ठळक मणक्यापेक्षा बराच खाली असतो. मान खांद्यांच्या मधोमध सरळ रोवली, की पुढे कितीही बारीक काम केले तरी आकृती बाहुलीसारखीच राहते.

या टप्प्यावर हातपाय न करता, तळहाताएवढ्या आकारात फक्त तीन ठोकळे आणि त्यांना जोडणारी तार असे भरपूर नमुने करावेत: बसलेला, वाकलेला, मागे वळून पाहणारा, एका कुशीवर झोपलेला. प्रत्येक ठोकळ्यावर समोरची मधली रेष कोरावी, म्हणजे कोण कुणाच्या तुलनेत किती फिरला ते लगेच दिसते. हा सराव कंटाळवाणा आहे, आणि म्हणूनच बहुतेक जण तो टाळतात; मात्र मूर्तीत जीव येतो तो इथेच.

दुसरी पायरी: बोटाला लागणारी हाडे

काही ठिकाणी हाड थेट त्वचेखाली असते. ही ठिकाणे शिल्पकाराचे खुंट होत, कारण स्नायू फुगतात, चरबी वाढते, पण ही ठिकाणे आपापल्या हाडाशी पक्की राहतात. आरशासमोर उभे राहून ती एकेक चाचपावीत. गळ्याखालच्या खळग्यापासून निघून कॉलरबोनवरून बाहेर जावे. हे हाड वरून पाहिल्यास सरळ नसून नागमोडी असते, आणि त्याचे बाहेरचे टोक खांद्याच्या माथ्यावरच्या सपाट हाडाला भिडते. तिथून मागे वळले की खांद्याच्या पात्याची आडवी कड बोटाला लागते. मान खाली घातल्यावर मागे सर्वांत वर उठून दिसणारा मणका बहुधा सातवा असतो. पुढे पिंजऱ्याची खालची कमान, कमरेच्या पुढची दोन हाडांची टोके, पाठीमागच्या दोन खळ्या, जघनाचे हाड, खुब्याचा बाहेरचा उंचवटा, गुडघ्याची वाटी, तिच्याखालचा नडगीवरचा उंचवटा, नडगीची आतली सपाट बाजू आणि दोन्ही घोटे हाताला लागतात. आतला घोटा बाहेरच्यापेक्षा उंचावर असतो. दोन्ही एका पातळीत केले की पाऊल खेळण्यातले वाटते.

कमरेची पुढची दोन टोके, मागच्या दोन खळ्या आणि जघनाचे हाड हे पाचही बिंदू एकाच न हलणाऱ्या ठोकळ्यावर असतात, म्हणून एक हलला की पाचही हलले पाहिजेत. सरळ उभ्या माणसात पुढची दोन टोके आणि जघनाचे हाड साधारण एकाच उभ्या प्रतलात येतात. कटीचा कल तपासायला ही सोपी कसोटी आहे.

मूर्तीवर या प्रत्येक बिंदूवर योग्य खोलीला एक टाचणी रोवावी आणि काम संपेपर्यंत ती काढू नये. माती चढत गेली आणि टाचणीचे डोके बुडू लागले, की तिथे माती जास्त झाली असे समजावे.

इथे एक गोष्ट सहसा कुणी सांगत नाही. हाड त्वचेजवळ असले म्हणजे तिथे उंचवटाच दिसेल असे नाही. पीळदार शरीरात दोन्ही बाजूंचे स्नायू हाडापेक्षा वर येतात आणि कण्याच्या जागी खोल पन्हळ पडते. स्थूल शरीरात चरबी आजूबाजूला साचते, पण हाडाशी घट्ट जखडलेली त्वचा तिथल्या तिथे राहते, म्हणून खळी पडते. बारीक माणसात तोच बिंदू टेंगळासारखा वर येतो. जागा तीच असते, दिसणे मात्र उलट होते.

तिसरी पायरी: सांधे कसे वागतात

हातापासून सुरुवात करावी, कारण तिथे बघणे आणि चाचपणे एकाच वेळी होते. कोपर टेबलावर टेकवून हात पुढे पसरावा, तळवा वर असू द्यावा. दुसऱ्या हाताचे बोट कोपराच्या टोकावर ठेवून करंगळीच्या बाजूने मनगटापर्यंत ओढत न्यावे. हाडाची एक अखंड कड लागते. हे अल्ना. आता बोट त्या कडेवर ठेवूनच तळवा पालथा करावा. कोपराशी काहीच हलत नाही, मात्र अंगठ्याच्या बाजूचे रेडियस हे हाड अल्नावरून आडवे पलटते आणि पंजाला आपल्यासोबत घेऊन जाते. म्हणजे कोपराची बिजागरी अल्नाची आहे आणि पंजा रेडियसचा आहे. तळवा वर असतो तेव्हा कोपराखालच्या हाताचा कोपराकडचा भाग रुंद आणि चपटा असतो. पालथा केल्यावर तोच गोलसर होतो आणि अंगठ्याच्या बाजूचे मांस तिरकस पीळ घेत कोपराच्या वरून मनगटाकडे उतरते. शिल्पात हा भाग निमुळत्या नळीसारखा केला, तर बघणाऱ्याला चूक सांगता येत नाही, पण हात मेलेला आहे हे कळते.

कोपराजवळ आणखी एक खूण तपासावी. दंडाच्या हाडाची दोन बाजूंची टोके आणि मधले कोपराचे टोक, हे तिन्ही बिंदू हात सरळ असताना एका आडव्या रेषेत येतात. हात दुमडला की मधला बिंदू खाली सरकून त्रिकोण होतो.

खांदा याहून फसवा आहे. हाताचा धडाशी हाडांनी होणारा एकमेव जोड म्हणजे कॉलरबोनचे आतले टोक, गळ्याखालच्या खळग्याशेजारी. खांद्याचे पाते पिंजऱ्यावर मांसात तरंगते. त्यामुळे हात पूर्ण वर नेल्यावर जे १८० अंश होतात, त्यांपैकी सुमारे १२० अंश खांद्याच्या सांध्यात आणि उरलेले ६० अंश पात्याच्या फिरण्याने मिळतात. पात्याचे खालचे टोक बाहेर, काखेच्या दिशेने सरकते, कॉलरबोनचे बाहेरचे टोक वर उचलले जाते, आणि छातीचा स्नायू ताणला जाऊन स्तनाग्रही वर जाते. हात वर केलेल्या आकृतीत खांदा जागच्या जागी ठेवून फक्त दंड उचलला, तर तो जोड कधीच पटत नाही.

गुडघ्याबाबत एकच गोष्ट पक्की धरावी: वाटी नडगीशी बांधलेली आहे. तिला नडगीच्या उंचवट्याशी जोडणारा बंध ताणला जात नाही, म्हणून पाय सरळ असो वा दुमडलेला, त्या दोन बिंदूंमधले अंतर कायम राहते. पाय दुमडला की वाटी मांडीच्या हाडाच्या दोन गोलाकार टोकांमधल्या खाचेत बसते आणि गुडघा समोरून चौकोनी दिसतो.

चौथी पायरी: स्नायू

आता कुठे स्नायूंकडे वळावे. यासाठी त्वचा सोललेली आकृती, म्हणजे एकोर्शे, स्वतः घडवण्याइतका चांगला अभ्यास दुसरा नाही. फ्रेंच शिल्पकार ज्याँ-आंत्वान हूदाँ याने १७६७ साली रोममध्ये अशी पूर्णाकृती केली ती सेंट जॉनच्या मूर्तीची तयारी म्हणून. पुढे तिच्या प्रतिकृती कलाशाळांतून अभ्यासासाठी वापरल्या गेल्या. आपण तिची नक्कल करण्यापेक्षा आपल्याच ठोकळ्यांवर आणि हाडांवर स्नायू चढवावेत. मातीच्या पट्ट्या करून प्रत्येक पट्टी निघण्याच्या जागेपासून जोडण्याच्या जागेपर्यंत तंतूंच्या दिशेने लावावी. खोलचे आधी, वरचे नंतर. अर्धे अंग असे सोललेले आणि अर्धे त्वचेसह केले, तर कोणता स्नायू वर काय दाखवतो हे एका दृष्टिक्षेपात कळते.

छातीचा मोठा स्नायू कॉलरबोन, छातीचे हाड आणि बरगड्या यांवरून निघतो आणि दंडाच्या हाडाशी पोहोचताना पीळ घेतो: खालचे तंतू वरच्यांच्या मागून जाऊन अधिक वर जोडले जातात. काखेची पुढची जाड घडी या पिळामुळे तयार होते, आणि हात वर गेला की पीळ उलगडतो. डेल्टॉइड हा खांद्यावरचा स्नायू कॉलरबोन, खांद्याचा माथा आणि पात्याची कड अशा लांब रेषेवरून निघून दंडाच्या बाहेरच्या अंगाला, साधारण मध्यावर, पाचरीसारखा दंडाच्या पुढचा बायसेप्स आणि मागचा ट्रायसेप्स यांच्यामध्ये शिरतो. त्याला खांद्यावर ठेवलेला गोळा करू नये. बरगड्यांच्या बाजूला दिसणारे दाते हे बरगड्यांवरून पात्याकडे जाणारा सेरेटस स्नायू आणि पोटाचा तिरका स्नायू एकमेकांत गुंतल्याने पडतात. ते शिडीच्या पायऱ्यांसारखे एकावर एक नसून तिरप्या कमानीत उतरतात.

पायांत डावी-उजवी बाजू कधीच सारख्या उंचीवर फुगत नाही. मांडीच्या पुढच्या बाजूचा आतला स्नायू गुडघ्याजवळ खालपर्यंत येतो, बाहेरचा त्याच्या वरच थांबतो. पोटरीतही आतला फुगवटा बाहेरच्यापेक्षा खाली संपतो. घोट्याशी हा उतार उलटतो, कारण तिथे आतली बाजू उंच असते. कमरेच्या पुढच्या टोकावरून निघून मांडी तिरपी ओलांडत गुडघ्याच्या आत खाली जाणारा सार्टोरियस ही शरीरातली सर्वांत लांब मांसपट्टी. पुढचे मांस आणि आतले मांस यांची सीमा ती आखते, म्हणून मांडी नळकांडी होत असेल तर आधी ही रेष शोधावी.

आखडलेला स्नायू आखूड आणि जाड होतो, त्याच्या विरुद्ध बाजूचा लांब आणि चपटा होतो. सगळे स्नायू एकाच वेळी फुगवलेली मूर्ती ताकदवान वाटण्याऐवजी पेटके आल्यासारखी वाटते. कोणत्या बाजूला भार आहे हे ठरवून तिथेच कडकपणा दाखवावा.

पाचवी पायरी: भार

एका पायावर भार देऊन उभी राहिलेली आकृती शिल्पकलेत इसवी सनापूर्वी ४८० च्या सुमाराच्या ‘क्रिटिओस बॉय’ या ग्रीक मूर्तीपासून ठळकपणे दिसते. तिचा हिशेब साधा आहे. भार असलेल्या पायाकडची कटी वर उचलली जाते, खुबा बाहेर येतो, दुसऱ्या पायाचा गुडघा वाकून पुढे येतो, आणि तोल सांभाळायला खांद्यांची रेषा सहसा उलट दिशेने कलते. म्हणून भाराच्या बाजूला पिंजरा आणि कटी यांतले अंतर आवळते, दुसरीकडे ते लांबते. गळ्याखालच्या खळग्यातून ओळंबा सोडावा. भार एकाच पायावर असेल, तर तो त्या पायाच्या घोट्याजवळ पडला पाहिजे. पडत नसेल, तर बारीक काम थांबवून तार वाकवावी.

डोके, हात, पाऊल

यांचा स्वतंत्र अभ्यास मोठ्या आकारात करावा. इथे किमान खबरदारीच सांगतो. डोळे डोक्याच्या उंचीच्या मध्यावर असतात, आणि नवशिका ते हमखास वर नेतो, कारण त्याला केसांखालची कवटी दिसत नाही. प्रौढाचे बुबुळासह डोळ्याचे गोलक सुमारे २४ मिलिमीटर व्यासाचे असते. आधी गोलक बसवून त्यावर पापण्या ओढाव्यात. कानामागच्या हाडापासून गळ्याच्या खळग्याकडे उतरणारा मानेचा स्नायू डोके आणि धड बांधून ठेवतो, म्हणून चेहऱ्याआधी तो करावा. पंजात बोटे मागून लांब आणि तळव्याकडून आखूड दिसतात, कारण बोटांमधली त्वचा तळव्याच्या बाजूला पहिल्या पेराच्या निम्म्यापर्यंत चढलेली असते. अंगठ्याचे नख इतर नखांना जवळजवळ काटकोनात असते. पाऊल म्हणजे आत कमानदार आणि बाहेर जमिनीला टेकलेली पाचर, बोटे त्यानंतर.

शेवटची पायरी: चरबी आणि त्वचा

स्नायूंचा अभ्यास झाल्यावर बऱ्याच आकृत्या सोललेल्याच राहतात. त्यांच्यावर चरबीचे थर त्यांच्या ठरलेल्या जागी चढवावेत: कमरेच्या बाजूला कटीच्या कडेवर, नाभीखाली, नितंबांवर, खुब्याच्या खाली मांडीच्या बाहेर, वाटीच्या खाली दोन्ही बाजूंना. स्त्रीदेहात हे थर बहुधा जाड असतात आणि कटी पिंजऱ्याच्या तुलनेत रुंद असते. त्यांच्याखालचे स्नायू मात्र तेच असतात. दोन स्नायूंमधली प्रत्येक खाच कोरून ठेवू नये. शेजारच्या तीन-चार खाचा भरून एक मोठे प्रतल करावे आणि जिथे हाड वर येते तिथेच कड धारदार ठेवावी.

शेवटची तपासणी बाह्यरेषांनी करावी. फ्रेंच शिल्पकार ऑग्युस्त रोदाँ मॉडेल आणि मूर्ती दोन्ही थोडेथोडे फिरवून प्रत्येक कोनातली रेषा जुळवत असे. त्याच्या ‘एज ऑफ ब्राँझ’ या मूर्तीवर १८७७ साली जिवंत माणसाचा साचा घेतल्याचा आरोप झाला, इतकी ती अचूक होती. पाट थोडा थोडा फिरवून दर कोनातून कड बघावी, वरून डोकावून खांदे आणि कटी यांचा पीळ पाहावा, मग दिवा एका बाजूला खाली ठेवून सावली कुठे तुटते ते पाहावे. सावली हाडाच्या बिंदूपाशी तुटत असेल तर ठीक. मांसाच्या मधोमध तुटत असेल, तर तिथली माती खरवडून त्याखालच्या हाडापासून पुन्हा सुरुवात करावी.